लग्न मासिकात छापून यावं, पण आजीला मांडव हवा

पत्र

ताई, येत्या फेब्रुवारीच्या शेवटच्या आठवड्यात माझं लग्न आहे. मी पुण्यात नोकरी करते, मुलगा कोल्हापूरचा. लग्न हॉटेलात नाही, कोकणात, वेंगुर्ले तालुक्यातल्या परुळ्याजवळ आमच्या चिऱ्याच्या (जांभ्या दगडाच्या) घरी, खळ्यात म्हणजे अंगणात. कॉलेजपासून माझी एक हौस आहे, आपलं लग्न एखाद्या गुळगुळीत कागदाच्या मासिकात छापून यावं. हसू नका. वेडिंग प्लॅनर म्हणतो, तसं हवं असेल तर झावळ्यांचा मांडव, रुखवत, देवाला घालायचं गाऱ्हाणं हे सगळं गावठी दिसतं, ते बाजूला ठेवू. फिका गुलाबी रंग, ऑर्किडची फुलं, भोगव्याच्या किनाऱ्यावर सोहळा, वर ड्रोन आणि रात्री आकाशकंदील सोडायचे. शिवाय मासिकात छापून आणायचे ७५ हजार वेगळे. आजी म्हणते, ‘माटव नाय तर लगीन कसला?’ बाबा म्हणतात, घरचं कार्य चारचौघांना कशाला दाखवायचं? फोटोग्राफरला विचारलं तर तो म्हणाला, फोटो माझ्या मालकीचे, कुठे पाठवायचे ते मी बघेन. हौस सोडून देऊ का?

आपली, एक नवरी

उत्तर

प्रिय नवरी,

हौस सोडायचं काही कारण नाही. प्लॅनर सोडलास तरी चालेल.

मी काही वर्षं एका मासिकात होते. ‘रिअल वेडिंग’ नावाचं जे चार-सहा पानी सदर असतं, त्यासाठी आलेले फोटो चाळायचं काम माझ्याकडे होतं. तुझा प्लॅनर जे सांगतोय ते त्या टेबलावर न बसलेल्या माणसाचं बोलणं आहे. तिथे बसणाऱ्याला लग्न दिसतच नाही. किती माणसं जेवली, स्टेजला किती खर्च आला, वरातीला कोणती गाडी होती, यातलं काही त्याच्यापर्यंत पोचत नाही. त्याच्यासमोर एक मेल उघडलेला असतो, त्यात चार ओळी आणि पन्नास-साठ फोटोंची लिंक. निवड त्या फोटोंची होते. ते कुणी काढले, कसे काढले आणि छापायला मोकळे आहेत का, एवढंच बघितलं जातं. म्हणून तुझा पैसा आणि तुझी हुज्जत, दोन्ही डेकोरेटरवर न घालवता फोटोग्राफरसाठी राखून ठेव.

तर आधी त्याचंच बोलू. ‘फोटो माझ्या मालकीचे’ हे सरसकट खरं नाही. कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम १७ नुसार पैसे देऊन कुणाकडून छायाचित्र काढून घेतलं, तर उलट करार नसेल तेव्हा त्याचा पहिला मालक काढून घेणारा असतो. गोम आहे ती त्या ‘उलट करारा’त. आगाऊ रक्कम घेताना बरेच फोटोग्राफर जो दोन पानी कागद पुढे करतात, त्यात सगळे हक्क त्यांच्याकडे राहतील असं एक वाक्य असतं, आणि लग्नाच्या गडबडीत आपण तारीख-रक्कम बघून खाली सही करतो. तू सही केली असशील तर तो कागद काढून नीट वाच. केली नसशील तर उत्तमच. सही करायच्या आधी लिहून घे की छपाईयोग्य मूळ आकाराचे निवडक फोटो लग्नानंतर महिन्याभरात मिळतील, मासिकाला ते द्यायची तुम्हा दोघांचीही हरकत नसेल, आणि उत्तर येईपर्यंत दोघांपैकी कुणीही ते आपल्या पानावर टाकणार नाही. महिन्याभराची अट क्षुल्लक वाटेल, पण अल्बम हाती यायला सहा-सहा महिने लागलेली लग्नं तुझ्याही नात्यात असतील.

हे बोलताना भांडू मात्र नकोस. अशा सदरांसाठी फोटो बहुतेक वेळा फोटोग्राफरच पाठवतात, कारण खाली छापलेलं नाव ही त्यांची पुढच्या हंगामाची जाहिरात असते. तुझी हौस आणि त्याचा धंदा एकाच बाजूला आहेत, फक्त त्याला ते कळलेलं दिसत नाही. त्याला सांग, ‘नाव तुमचंच येईल.’ तसंही ते द्यावंच लागतं. मालकी कुणाचीही असली तरी छायाचित्राचा कर्ता म्हणून ओळखलं जाण्याचा त्याचा हक्क कायद्यात शाबूत राहतो.

आता तो फोटो कसले काढतो ते बघ. आपल्याकडच्या लग्नात दिवसाचा निम्मा वेळ स्टेजवर जातो. आहेर, पाकीट, हात जोडणं, कॅमेऱ्याकडे बघणं, पुढचे या. हे फोटो घराला हवेत, ते नाहीत म्हणून पुढची वीस वर्षं टोमणे ऐकावे लागतात. पण मासिकात त्यातला एकही छापून येत नाही. तिथे लागतात ते माणसं यायच्या आधीचे. रिकामा मांडव, पानं मांडलेली पण कुणी न बसलेली पंगत, ओटीवर उन्हात ठेवलेल्या मुंडावळ्या, माजघरात करवलीच्या केसांत गजरा माळणारे हात. जमलं तर माणसं दोन ठेव, एक स्टेजसाठी आणि एक बाकी सगळ्यासाठी. एकच परवडत असेल तर त्याला सकाळचे पहिले दोन तास स्टेजपासून लांब ठेव.

थोडं तांत्रिक. छपाईला सहसा ३०० डीपीआय, म्हणजे एका इंचात ३०० ठिपके लागतात, म्हणजे ए-फोर आकाराचं एक पान भरायला साधारण २४८० बाय ३५०८ पिक्सेलचा फोटो हवा. व्हॉट्सअ‍ॅपवर नेहमीसारखा पाठवलेला फोटो दाबून लहान झालेला असतो, तो फोनवर छान दिसतो आणि कागदावर फुटतो. उभे फोटो भरपूर घ्यायला सांग, पान उभं असतं. दोन पानांवर पसरेल असा आडवा फोटो घेताना तुम्ही दोघं अगदी मधोमध उभे राहू नका. मधल्या घडीत नवरदेवाचं नाक गेलेलं मी बघितलंय.

मांडवाबद्दल आजी बरोबर आहे, पण तिच्या कारणासाठी नाही. प्लॅनरला झावळ्या गबाळ्या वाटतात. त्याच्या जागी तो जे आणेल ते गुलाबी-पिवळं सॅटिन किंवा, काटकसर केलीच, तर वरून निळी ताडपत्री. फेब्रुवारीतलं दुपारचं ऊन त्यातून खाली आलं की सगळ्यांचे चेहरे त्या त्या रंगाचे होतात. निळी नवरी कुठलंही मासिक छापत नाही. झावळ्यांचीही एक खोड आहे. एकाच थराच्या विरळ मांडवातून उन्हाचे कवडसे पडतात आणि अर्धा गाल पांढराफटक, अर्धा काळा दिसतो. तेव्हा झावळ्या दोन थरांत दाट घालायला सांग आणि जिथे विधी होणार तेवढ्याच जागेवर खालून साधं पांढरं मांजरपाट ताणून घे. सावली एकसारखी पडते. मागे चिऱ्याची भिंत असेल तर तिचा तांबूस उजेड अंगावर येतो, त्यावर हिरवी नऊवारी किंवा पिवळा शालू उठून दिसतो. तुझ्या घराने हे फुकट दिलेलं आहे आणि प्लॅनर ते झाकायचे पैसे मागतोय.

मुहूर्त फोटोसाठी हलवायला सांगू नकोस, गुरुजी ऐकणार नाहीत आणि ऐकूही नये. पण पंचांगात त्या दिवशी गोरज मुहूर्त निघत असेल आणि दोन्ही घरांना चालत असेल, तर तो घे. फेब्रुवारीअखेर तुमच्याकडे सूर्य साडेसहाच्या पुढे मावळतो, त्याआधीचा तासभर उजेड इतका मऊ असतो की फोटोग्राफरला फारसं काही करावं लागत नाही. मुहूर्त दुपारचाच असेल तर दोघांचे वेगळे फोटो संध्याकाळी साडेपाचनंतर घ्या. एक विनंती गुरुजींना जरूर कर. अंतरपाट खाली येतो तो क्षण दोन सेकंदांचा असतो आणि नेमका तेव्हाच मामा, आत्या, व्हिडिओवाल्याचा दिवा आणि पंचवीस मोबाईल मध्ये येतात. एक बाजू मोकळी ठेवायची जबाबदारी एखाद्या धिप्पाड चुलतभावाला दे.

ऑर्किड. ते बंगळुरूच्या लग्नात दिसतं, दिल्लीच्या दिसतं, बँकॉकच्याही दिसतं. टेबलावर बसलेल्या माणसाने त्या दिवशी सकाळपासून ऑर्किडच बघितलेलं असतं. आणि तुझं लग्न फेब्रुवारीअखेर आहे, वेंगुर्ले तालुक्यात! म्हणजे सुरंगीचे दिवस. वर्षातले मोजके आठवडे फुलणारं ते फूल, पहाटे कळ्या काढायच्या, लगेच वळेसर म्हणजे गजरा करायचा, आणि खोलीत माणूस शिरायच्या आधी वास शिरतो. सावंतवाडी-वेंगुर्ल्याबाहेरच्या किती नवऱ्या केसांत सुरंगीचा वळेसर घालून लग्नाला उभ्या राहिल्या असतील? तुझ्या मेलचा विषय हाच असायला हवा. पण हे फूल दुकानात फोन करून मिळत नाही. ज्यांच्या दारात झाड आहे त्यांच्याशी आजीनेच बोललेलं बरं, आणि तेही आतापासून.

जेवणाचंही तेच. त्या दिवसांत कुयरीची म्हणजे कोवळ्या फणसाची भाजी, ओल्या काजूगरांची उसळ, खतखतं, सोलकढी, गोडाला शिरवळे आणि नारळाचा रस, असं पान वाढलं तर वरून घेतलेला एक फोटो पान भरतो. बुफेच्या स्टीलच्या भांड्यांचा फोटो कुणी काढू नये. आचाऱ्याचं नाव मात्र टिपून ठेव. मासिकं कपडे, दागिने, फुलं, जेवण कुणाचं ते विचारतात, आणि ‘आमच्या वाडीतल्या बायका’ हेही तिथे छापता येतं.

गाऱ्हाणं काढून टाकायचं म्हणतो तो? देवासमोर नारळ ठेवून गावकरी ‘बारा गावच्या बारा वहिवाटीच्या म्हाराजा’ म्हणून घालतो आणि मागून सगळे ‘होय म्हाराजा’ म्हणतात, हे ज्याने कधी पाहिलेलं नाही त्या वाचकाचं बोट त्या पानावर थांबेल. अट एकच. फोटोग्राफरने कोपऱ्यात उभं राहून काय मिळेल ते घ्यायचं. उजेड नीट पडला नाही म्हणून गाऱ्हाणं दुसऱ्यांदा घालायला लावलेलं मला चालणार नाही, तुझ्या आजीला तर नाहीच. रुखवताबद्दल मी आजीची तितकी बाजू घेणार नाही. थर्माकोलचा बंगला आणि प्लॅस्टिकच्या मण्यांचा ‘शुभविवाह’ घरच्यांसाठी राहू दे, कॅमेऱ्यापुढे तिने स्वतः केलेलं काय आहे तेवढंच मांड.

किनाऱ्यावर संध्याकाळी तासभर फोटोंसाठी जा, जरूर जा. पण ड्रोन आणि कंदील हे दोन्ही नको. चिपीचा विमानतळ तुमच्या अगदी शेजारी आहे. ड्रोन नियम, २०२१ प्रमाणे चालू विमानतळाच्या हद्दीपासून ८ ते १२ किलोमीटरच्या पट्ट्यात फक्त २०० फुटांपर्यंत मोकळीक असते, ८ किलोमीटरच्या आत परवानगीशिवाय उडवायचं नाही. ड्रोनसाठीच्या सरकारी नकाशावर आपली जागा कोणत्या रंगात येते ते कुणालाही बघता येतं, प्लॅनरने ते बघितलेलं दिसत नाही. आकाशकंदील तर फेब्रुवारीत कोकणात कुणी सोडूच नयेत. गवत वाळलेलं, काजू-आंब्याच्या बागा चहूकडे, गंजी उभ्या. पेटता कंदील कुणाच्या बागेत उतरेल ते वारा ठरवतो. आणि वेंगुर्ल्याची किनारपट्टी ऑलिव्ह रिडले कासवांची आहे, वायंगणीला त्यांची घरटी राखली जातात. विणीचा हंगाम नोव्हेंबर ते मार्च. वाळूतून बाहेर आलेली पिल्लं उजेडाच्या दिशेने चालतात, रात्री किनाऱ्यावर झगमगाट असेल तर समुद्राकडे पाठ फिरवून दिव्यांकडे येतात. हे कासव वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे, तेव्हा हा नुसता भावनेचा प्रश्न नाही.

आता ते ७५ हजार. पैसे देऊन छापून आणता येतं, नाही असं नाही. त्याला जाहिरात म्हणतात. ती घ्यायची असेल तर मासिकाच्या जाहिरात विभागाकडून दरपत्रक मागव, जीएसटीचं बिल माग, आणि पानावर ‘जाहिरात’ किंवा ‘प्रायोजित’ असं छापणार का ते विचार. प्लॅनरला रोख देऊन ‘आतून सेटिंग’ होत असेल तर ते पैसे गेले असं समज. संपादकीय पानांवर येणाऱ्या लग्नाकडून मी असताना आम्ही कधी रुपया घेतला नाही.

जागा मात्र कमी आहेत हे मनाशी धर. कागदावरची लग्नाची मासिकं जगभर आटत चालली आहेत. अमेरिकेतलं ‘ब्राइड्स’ १९३४ मध्ये सुरू झालं, २०१९ मध्ये त्याची नियमित छापील आवृत्ती बंद झाली आणि ते इंटरनेटवर गेलं. आपल्याकडेही बरीचशी लग्नं संकेतस्थळांवरच येतात. तुला कागदच हवा असेल तर तसं आधी ठरव, कारण कागदाची एक अट जाचक असते. दुसरीकडे आधी आलेलं त्यांना नको असतं. छापील अंकाची आखणी दोन-तीन महिने आधी होते आणि लग्नाचे विशेष अंक तुळशीच्या लग्नानंतरच्या हंगामाकडे बघून निघतात. म्हणजे तुझे फेब्रुवारीतले फोटो मार्चअखेर पाठवलेस तरी ते ऑक्टोबर-नोव्हेंबरपर्यंत कुलपात. तोवर इन्स्टाग्रामवर एकही चांगला फोटो नाही. जमेल? पाहुण्यांनी मोबाईलवर काढलेल्यांना मासिकं सहसा हरकत घेत नाहीत, तरी मेलमध्ये स्पष्ट विचारून घे. मेकअपवाली आणि डेकोरेटर यांना मात्र लग्नाआधीच सांग, कारण सगळ्यात आधी फोटो तेच टाकतात.

एका वेळी एकाच मासिकाला पाठव. तीन आठवडे वाट बघून एक आठवण, आणि तरी उत्तर नाही आलं तर ‘आता दुसरीकडे पाठवत आहे’ असं कळवून पुढे जा. मेल लांबलचक नको. तुम्ही कसे भेटलात, त्याने कुठे मागणी घातली, हे प्रत्येक मेलमध्ये असतं. तू असं काहीतरी लिही: ‘वेंगुर्ले तालुक्यातल्या जुन्या चिऱ्याच्या घराच्या खळ्यात, झावळ्यांच्या मांडवात झालेलं लग्न. केसांत सुरंगीचा वळेसर, जो फक्त याच दिवसांत मिळतो. जेवण वाडीतल्या बायकांनी रांधलेलं. फोटो अजून कुठेही प्रसिद्ध नाहीत, छायाचित्रकाराची परवानगी सोबत.’ बस. लिंकमध्ये साठाच्या वर फोटो नकोत. हजार फोटोंची लिंक मी न उघडता बंद करत असे, हे सांगायला मला लाज वाटत नाही.

बाबांच्या म्हणण्यात तथ्य आहे आणि ते तू हौसेपायी उडवून लावू नकोस. तुमचं घर लग्न आटोपल्यावर वर्षाचे किती महिने बंद असतं? अंगभर दागिने घातलेल्या बायका आणि खाली वाडीचं नाव, अशी चिठ्ठी चोराला कशाला द्यायची? गाव छापू नका, ‘वेंगुर्ले तालुका’ पुरे. देवघराचा फोटो बाबांना नको असेल तर नको. पाठवायचे साठ फोटो त्यांना आधी दाखव आणि त्यांनी बाजूला काढलेला एकही परत आत ढकलू नकोस. कोल्हापूरकरांनाही विचार, त्यांच्या बाजूची माणसंही त्यात आहेत.

आजीला ‘तुझा फोटो मासिकात येणार’ असं सांगून ठेवलं असशील तर आजच सावर. छापून येतात दहा-बारा फोटो, ते निवडतो कुणी परका, आणि त्याला आजीपेक्षा समई आवडू शकते. माझ्या हातूनही अशा कितीतरी आज्या गळल्या. तिच्यासाठी वेगळा फोटो काढ, मोठा करून घे, तो मासिकाच्या मर्जीवर ठेवू नकोस.

आणि कुठेच जमलं नाही तर मराठीतली एक वाट मोकळी आहे. आपले दिवाळी अंक कुणाचं लग्न म्हणून छापणार नाहीत, पण सुरंगी, गाऱ्हाणं आणि वाडीतल्या लग्नाची पंगत यावर लेख म्हणून, सोबत सहा फोटो, हे ते आनंदाने बघतात. आजीकडून तिच्या लग्नातलं काय होतं आणि आता काय उरलं ते वदवून घे आणि लिही. ऑगस्टपर्यंत बहुतेक अंकांचा मजकूर ठरत आलेला असतो, म्हणून लेख जूनमध्येच पाठव.